तेल, लोखंड आणि रेशीम

घोडेगावाहून शिंगणापूरकडे वळणाऱ्या रस्त्याच्या दुतर्फा जी दुकाने लागतात, त्यांत शनिदेवाच्या पूजेचे म्हणून जे ताट मिळते त्यात रुईच्या पानांची माळ, काळे वस्त्र, उडीद, मीठ अशा नाना वस्तू मांडलेल्या असल्या, तरी ज्यांच्यावाचून त्या ताटाला शनीचे ताट कोणी म्हणणार नाही अशा वस्तू दोनच : एक तेल आणि दुसरी लोखंड, मग ते खिळ्याच्या रूपाने असो वा घोड्याच्या नालेच्या. या दोन द्रव्यांवर ग्रहराजाची एवढी प्रीती का जडली याचा खुलासा ज्योतिषी एका रीतीने करतात आणि पुराणिक दुसऱ्या रीतीने. पदार्थविज्ञानाच्या दप्तरात मात्र ही दोन्ही परस्परांच्या अगदी विरुद्ध रकान्यांत दाखल झालेली आहेत, कारण लोखंड विजेला वाट देते आणि तेल तिची वाट अडवते. भाविक हे ताट दोन्ही हातांनी तोलून धरीत अनवाणी पुढे जात असतो त्याच वेळी, रस्त्याच्या कडेला दोन खांबांच्या आधाराने बसवलेली, पंख्यासारख्या पात्यांची जी करडी पेटी त्याच्या डोक्यावर मंद घुमत असते आणि जिला आपल्याकडील खेड्यांत लहानथोर सगळे ‘डीपी’ म्हणून ओळखतात, तिच्याही पोटात लोखंड आणि तेल हीच दोन मुख्य द्रव्ये भरलेली असतात हे त्याच्या ध्यानी येत नाही, आणि यावे अशी अपेक्षाही कोणी करू नये.

अकरा हजार व्होल्टांच्या दाबाने आलेली वीज घरातल्या दिव्याला सोसेल अशा 230 व्होल्टांवर उतरवून देणे हे या पेटीचे काम. त्यासाठी तांब्याची अथवा ॲल्युमिनियमची वेटोळी एका लोखंडी गाभ्यावर गुंडाळलेली असतात. परंतु त्या लोखंडाचा सढळ स्वभाव तिथे जसाच्या तसा चालू दिला, तर गाभ्यातच प्रवाहाचे भोवरे उठून सारी पेटी तापेल, म्हणून तो गाभा एकसंध न ओतता पातळ पत्र्यांचा रचतात आणि प्रत्येक पत्र्यावर रोधक लेप देतात, म्हणजे लोखंडाला लोखंडापासूनच अलग ठेवावे लागते. मग हे सगळे तेलात बुडवतात. ते तेल वेटोळ्यावरून लोखंडावर उडी घेऊ पाहणाऱ्या विजेला मज्जाव करते आणि आतली उष्णता बाहेरच्या पात्यांपर्यंत वाहूनही नेते, अशी दुहेरी चाकरी त्याच्याकडे असते. या चाकरीस ते लायक आहे की नाही याची रुजवात घेण्याची रीतही ठरलेली आहे : अडीच मिलिमीटर अंतरावर ठेवलेल्या दोन धातूच्या टोकांमध्ये ते तेल घेऊन विजेचा दाब वाढवीत न्यायचा, आणि निदान 30 हजार व्होल्टांपर्यंत ठिणगी न पडेल तरच ते तेल चांगले म्हणायचे. तेवढ्याच अंतरातली कोरडी हवा आठ-नऊ हजारांतच हार खाते, यावरून तेलाचा वकूब कळावा. पण हा वकूब मोठा नाजूक आहे. तेलात पाण्याचा अंश उतरला, कचरा मिसळला की तो झपाट्याने ढासळतो. म्हणून पेटीला श्वास घेण्यासाठी जी नळी ठेवलेली असते तिच्या तोंडाशी ओल शोषणाऱ्या निळ्या खड्यांची काचेची कुपी बसवतात, आणि ते निळे खडे गुलाबी झाले म्हणजे त्यांची सद्दी संपली असे समजतात. गावोगावच्या डीपींवर या कुप्या मी कुतूहलाने न्याहाळल्या आहेत. गुलाबी खडे मला जेवढे दिसले तेवढे निळे दिसले नाहीत, एवढेच सांगून मी हा विषय सोडतो.

तेलाच्या शुद्धतेचा प्रश्न पुढे शिंगणापुरात शनीच्या चौथऱ्यावरही उपस्थित झाला, ही गोष्ट मला फार अर्थपूर्ण वाटते. वर्षानुवर्षे भाविक जे तेल शनीच्या शिळेवर ओतत आले, त्यातील भेसळीमुळे शिळेची झीज होत असल्याची तक्रार झाली आणि अखेर 1 मार्च 2025 पासून नामांकित, शुद्ध तेलच वाहण्यास मुभा राहील असे ठरवण्यात आले. देवाला भाव पुरेसा असतो हे खरे असले, तरी पाषाणाला तेवढ्यावर भागत नाही. आणि पाषाणाच्या बाजूने कोणी तरी तेलाची तपासणी करावी हे गावाला पटले, यात मला श्रद्धेचा ऱ्हास दिसत नाही.

जगातील पदार्थांचे विजेला वाट देणारे आणि तिची वाट अडवणारे असे दोन वर्ग आहेत, हे मनुष्याला फार उशिरा कळले. अंबर घासला म्हणजे कस्पट ओढतो हे ग्रीकांना ठाऊक होते. पण ती शक्ती अंबरातून बाहेर काढून दूर नेता येते आणि कशातून नेता येते व कशातून येत नाही, हे शोधून काढण्याचा मान स्टीफन ग्रे नावाच्या, कँटरबरीतील एका रंगाऱ्याच्या कुळात जन्मून तोच धंदा केलेल्या वृद्ध गृहस्थाकडे जातो. 1729 च्या जुलैमध्ये केंट परगण्यातील ऑटर्डन येथे आपला मित्र ग्रॅनव्हिल व्हीलर याच्या प्रशस्त वाड्यात त्याने तागाची दोरी लांबच लांब आडवी टांगली, तिच्या एका टोकाला हस्तिदंती गोळी बांधली आणि दुसऱ्या टोकाशी घासलेली काचेची नळी धरली, तेव्हा गोळीजवळ ठेवलेली पितळेच्या वर्खाची कपची पलीकडच्या टोकाला हालली. दोरीला आधार म्हणून त्यांनी रेशमाचे धागे लावले होते. ते का, तर रेशीम बारीक असते म्हणून त्यातून शक्ती कमी गळेल असा ग्रेचा तर्क होता. पुढे दोरीच्या वजनाने रेशीम तुटले. तेव्हा तितकीच बारीक पण मजबूत अशी पितळेची तार त्याच्या जागी लावली, आणि प्रयोग साफ फसला. सारी शक्ती तारेतून वाड्याच्या भिंतीत मुरून गेली. बारीकपणाचा यात काही संबंध नाही, रेशीम हे रेशीम आहे आणि पितळ हे पितळ आहे म्हणून हा भेद घडतो, हे त्या दोघांच्या लक्षात आले, आणि सुवाहक व दुर्वाहक यांच्या इतिहासाचा प्रारंभ झाला. एका तुटलेल्या रेशमी धाग्याने शास्त्राला जे दिले ते शाबूत राहिलेल्या धाग्याने दिले नसते. या दोन वर्गांतील अंतर किती अफाट आहे, हे पुढे मोजमापाने सिद्ध झाले : तांबे आणि काच यांच्या विरोधशक्तीचे प्रमाण मांडायचे तर एकावर सुमारे वीस शून्ये द्यावी लागतात. निसर्गातील इतर कोणत्याही गुणात, कठीणपणात म्हणा वा वजनात म्हणा, दोन सामान्य पदार्थांत इतका फरक क्वचितच सापडतो.

ग्रेचा हा वृत्तांत मी प्रथम वाचला तेव्हा मला त्यातील शास्त्रापेक्षा आमच्या आजीची आठवण अधिक झाली. तिच्या घरात सुताला एक कायदा होता आणि रेशमाला दुसरा. सुती लुगडे सोवळ्याचे व्हायचे तर ते धुऊन, माजघरातल्या उंच दांडीवर काठीने वाळत घालून, कोणाचाही स्पर्श न होता तिच्या अंगावर यावे लागे. आम्हा पोरांपैकी कोणाचे बोट त्याला लागले की ते क्षणार्धात ओवळे होई. मुकटा मात्र रेशमाचा असल्यामुळे त्याला हा जाच नव्हता, आणि लोकरीच्या धाबळीची तर बातच नको. ती कोठेही पडो, कोणीही शिवो, तिचे सोवळेपण अबाधित. पाण्यात शिजवलेला भात विटाळ ओढून घेई, तेला-तुपात तळलेली पुरी घेत नसे. सुती सतरंजीवर एका टोकाला कोणी ओवळा बसला तर दुसऱ्या टोकाचा मनुष्य बाधित होई, पण मध्ये लाकडी पाट आला की बाधा तिथेच अडे. सूत आणि पाणी सुवाहक; रेशीम, लोकर, तेल, कोरडे लाकूड दुर्वाहक. ऑटर्डनच्या वाड्यात त्या दोन मित्रांनी जी यादी महत्प्रयासाने जमवली असती, ती आजीने चुलीपुढे बसल्या बसल्या तोंडपाठ सांगितली असती, आणि त्यांच्या यादीशी ती बव्हंशी जुळलीही असती. उणीव एकच होती. तारेतून काय वाहते हे ग्रेला पुरते ठाऊक नसले तरी पलीकडे वर्खाची कपची हालत होती. आजीच्या तारेच्या दुसऱ्या टोकाला काहीही हालत नव्हते.

काहीही हालत नव्हते असे म्हणून हा प्रश्न मिटता, तर तो एका घरातील विक्षिप्तपणा म्हणून हसून सोडून देता आला असता. परंतु न वाहणाऱ्या प्रवाहाला अडवण्यासाठी आपल्या समाजाने जे रोधक उभे केले, ते माजघरातल्या दांडीवर थांबले नाहीत. ते पाणवठ्यावर गेले, देवळाच्या पायरीवर गेले, वेशीबाहेर गेले, आणि पिढ्यान् पिढ्या जित्या माणसांना त्यांनी पलीकडे ठेवले. शिंगणापूरचे उदाहरण या दृष्टीने अपूर्व आहे. घरांना दारे नाहीत आणि कुलपे नाहीत, चौकटी मोकळ्या, फार तर कुत्री-मांजरे आत येऊ नयेत म्हणून रात्री एखादी फळी टेकवलेली, अशी ज्या गावाची कीर्ती देशोदेशी पोहोचली, त्याच गावात शनीच्या उघड्या चौथऱ्याला, ज्याला भिंत नाही आणि छप्परही नाही, एक अदृश्य दार होते व ते स्त्रियांसाठी बंद होते. नोव्हेंबर 2015 मध्ये एका स्त्रीने तो चौथरा चढून शनीला हात लावला, तेव्हा दुधाने शिळेचे शुद्धीकरण करण्यात आले. पुढच्या वर्षी आंदोलने झाली, बंदोबस्त लागला, आणि 1 एप्रिल 2016 रोजी मुंबई उच्च न्यायालयाने 1956 च्या मंदिर-प्रवेशाच्या कायद्याचा आधार घेऊन, देवस्थानात स्त्रियांना मज्जाव करता येणार नाही व हा हक्क अमलात आणणे सरकारचे कर्तव्य आहे असा निर्वाळा दिला. 8 एप्रिलला, गुढीपाडव्याच्या दिवशी, देवस्थानाने चौथरा सर्वांना खुला केला. स्त्रिया वर गेल्या, त्यांनी तेल वाहिले. मीटरचा काटा जागचा हालला नाही.

याउलट जिथे खरा प्रवाह आहे तिथे आपली वागणूक कशी असते? पूर्वी शिंगणापुरी चौथऱ्यावर जायचे तर पुरुषाने स्नान करून भगवे वस्त्र नेसून ओलेत्यानेच जावे असा शिरस्ता होता. ओलेत्याच्या पावित्र्याविषयी मी शंका काढीत नाही; शंका आहे ती ओलेत्याच्या विद्युतशास्त्रीय योग्यतेविषयी. कोरड्या कातडीचा मनुष्य विजेला लाखभर ओहमपर्यंत विरोध करू शकतो, तोच नखशिखांत भिजला की हा विरोध हजाराच्या घरात उतरतो. घरगुती 230 व्होल्टांची तार पहिल्याला चुटपुटता झटका देऊन सोडील, तर दुसऱ्याच्या देहातून हृदय बंद पाडण्यास पुरून उरेल इतकी वीज नेईल. यात गंमत अशी की दोष पाण्याचाही नव्हे. निखळ शुद्ध पाणी जवळजवळ दुर्वाहकच असते. त्यात विरघळलेले क्षार, अंगावरचा घाम, मातीचा अंश हे त्याला वाहक बनवतात. विटाळाच्या शास्त्रात पाणी दोष धुऊन काढते, विजेच्या शास्त्रात दोष असलेले पाणी जीव घेते. म्हणूनच जमिनीत अर्थिंगचा खड्डा करताना वायरमन मीठ आणि कोळसा यांचे थर भरतात आणि उन्हाळ्यात त्यात घागरभर पाणी ओतायला सांगतात. तेथे विजेला जायला मोकळी वाट हवी असते, आणि ती वाट अशुद्ध पाणीच उत्तम देते.

नेवासे तालुक्यातील काळ्या जमिनीवर मृगाचा पहिला पाऊस पडला म्हणजे हे सारे शास्त्र पुस्तकातून उठून बांधावर येते. खांब भिजतो, चिनी मातीच्या इन्सुलेटरवर वर्षभर साचलेली धूळ चिखल होते आणि त्यावरून वीज झिरपू लागते. इन्सुलेटरला छत्रीसारख्या झालरी एकाखाली एक दिलेल्या असतात त्या शोभेसाठी नव्हेत. पावसातही प्रत्येक झालरीची खालची बाजू कोरडी राहावी आणि झिरपणाऱ्या विजेला तारेपासून खांबापर्यंत वळसे घालीत लांबचा प्रवास करावा लागावा, अशी ती योजना आहे. खांबाला जमिनीकडे ताणून धरणाऱ्या तारेच्या मध्यावर अंड्याएवढा चिनी मातीचा एक गट्टू अडकवलेला असतो. त्याच्याकडे कोणाचेही लक्ष जात नाही, पण तो फुटलेला असेल आणि वरची तार त्या ताणाला टेकली असेल, तर त्याला अंग घासायला आलेली म्हैस तिथेच आडवी होते. तार तुटून ओल्या रानात पडली तरी माणसापेक्षा बैल आधी दगावतो. त्याचे पुढचे आणि मागचे पाय एकमेकांपासून दूर असल्यामुळे त्या दोन जागांच्या दाबातला फरक जास्त पडतो, आणि त्या वाटेवर नेमके त्याचे हृदय असते. तारेवर बसलेल्या कावळ्याला काही होत नाही ते याच हिशेबाने, कारण त्याचे दोन्ही पाय एकाच दाबावर असतात. कावळा शनीचे वाहन, म्हणून त्याला अभय असे कोणी म्हणेल. पण हाच कावळा विणीच्या दिवसांत लोखंडी तारांचे तुकडे आणून खांबाच्या माथ्यावर घरटे रचतो, आणि एखादा तुकडा दोन तारांना टेकला की आसपासच्या गावांचा उजेड घालवतो.

आणि डीपीची पेटी! फ्यूज जिथे बसवलेले असतात त्या पेटीला झाकण असते, झाकणाला कडी असते, कडीला कुलूप असावे अशी अपेक्षा असते. प्रत्यक्षात ते झाकण एका बिजागरीवर लोंबत असते, किटकॅट फ्यूजच्या जागी तारेचे वेटोळे दिसते आणि ज्याच्या मोटारीचा फेज गेला तो शेतकरी चिखलातल्या पायांनी, हातात कोरडी काठी घेऊन, स्वतःच तिथे उभा असतो. दार न लावण्याच्या बाबतीत अवघा महाराष्ट्र शिंगणापूरच्या वाटेने गेला आहे, फक्त चुकीच्या जागी. अशाच एका डीपीखाली भेटलेल्या, नोकरीची अखेरची वर्षे मोजणाऱ्या एका वायरमनला मी विचारले की तुम्हांला भीती वाटत नाही का. तो म्हणाला, “सर, लाइन बंद केलीय असं सबस्टेशनवरून सांगितलं, साहेबानं सांगितलं, सख्ख्या भावानं जरी सांगितलं, तरी मी तिला बंद धरीत नाही. आधी रॉड लावून जमिनीला टेकवायची, मग हात घालायचा.” लाइन बंद असल्याचे परमिट हातात पडल्यावरही लांब रोधक दांड्याने तारा जमिनीशी जोडून घ्यायच्या, म्हणजे चुकून कोणी कळ दाबली किंवा कोणा घरचा जनरेटर उलटा चालू झाला तरी प्रवाह आधी मातीत जाईल, हा त्यांच्या धंद्याचा दंडक. एकमेकांवर विश्वास टाकून उघड्या घरात निजणारी माणसे मला थोर वाटतात. पण हा कोणावरही विश्वास न टाकणारा मनुष्य मला त्यांच्याहून कमी श्रद्धावान वाटला नाही. त्याची श्रद्धा मातीवर होती.

‘आकाश हेच माझे छप्पर’ असे शनीने सांगितल्याची आख्यायिका आहे, आणि सुमारे साडेपाच फुटांची ती काळी शिळा खरोखरच उन्हापावसात उघडी उभी आहे. ती उघडी आहे असे आपण म्हणतो. विजेच्या दृष्टीने ती हवेच्या पांघरुणाखाली आहे. ढग आणि जमीन यांच्यामध्ये पसरलेली ही हवा आपला सर्वांत मोठा आणि सर्वांत स्वस्त रोधक. खांबांवरून जाणाऱ्या उघड्या ॲल्युमिनियमच्या तारा गावावरून निर्धास्त जातात त्या याच रोधकाच्या भरवशावर. पण त्याचीही सहनशक्ती सेंटीमीटरला सुमारे 30 हजार व्होल्टांवर संपते, आणि ढगाच्या पोटातला ताण अनावर झाला की जिला आपण वीज कोसळली म्हणतो ती घटना घडते. कोणताही रोधक निरपवाद नाही. काच, चिनी माती, तेल, हवा, प्रत्येकाला आपापली एक हद्द आहे, आणि अभियंत्याचे सारे कौशल्य ती हद्द आधी ओळखून तिच्या बरेच अलीकडे थांबण्यात आहे.

गावाच्या हद्दीचाही प्रश्न असाच कधी तरी निघायचा होता. जानेवारी 2011 मध्ये युको बँकेने शिंगणापुरात शाखा उघडली तेव्हा मोठा पेच पडला : बँकेचा शिरस्ता कुलपाचा, गावाचा शिरस्ता बिनकुलपाचा. तडजोड निघाली ती अशी की दार ठेवायचे पण पारदर्शक काचेचे, आणि कुलूप ठेवायचे पण डोळ्यांना सहसा न दिसणारे, विद्युतचुंबकाचे, दुरून चालणारे. म्हणजे दुर्वाहकांतील अग्रणी काच ती दाराच्या जागी आली, आणि तांब्याच्या वेटोळ्यातून वाहणारा प्रवाह कुलपाच्या जागी आला. गावकऱ्यांपैकी काहींना हे रुचले नाही असे सांगतात, आणि मला त्यांचे फारसे चुकले असे वाटत नाही. कुलूप दिसत नाही म्हणून ते नाही असे मानणे हा देवापुढे करण्याजोगा युक्तिवाद नव्हे. पुढे 2015 मध्ये पोलीस ठाणेही आले. परंतु विद्युतचुंबकी कुलपाचा एक स्वभावधर्म आहे, तो बँकेच्या कचेरीत कोणी बोलून दाखवला होता की नाही ठाऊक नाही : अशा कुलपाचा नेहमीचा प्रकार प्रवाह चालू असेपर्यंतच पकड धरतो, प्रवाह थांबला की दार मोकळे. नगर जिल्ह्यातील भारनियमन ज्याने भोगले आहे त्याला याचा अर्थ समजावून सांगायला नको. म्हणून अशा कुलपांच्या मागे बॅटरी ठेवावी लागते, आणि बँका-कचेऱ्यांतील बॅटऱ्या बहुधा शिशाच्या पट्ट्यांच्या असतात. युरोपातील जुने किमयागार प्रत्येक ग्रहाला एकेक धातू नेमून देत. सोने त्यांनी सूर्याला दिले होते, तांबे शुक्राला, लोखंड मंगळाला. शनीच्या वाट्याला शिसे आले होते.